बाथ बॉम्ब बादलीत टाकण्याआधी

बाथ बॉम्बच्या, म्हणजे अंघोळीच्या पाण्यात फसफसत विरघळणाऱ्या गोळ्यांच्या, बहुतेक कृती टबासाठी लिहिलेल्या असतात. टबात साधारण १५० लिटर पाणी असतं, माणूस त्यात पंधरा-वीस मिनिटं बसतो आणि डोकं पाण्याबाहेर ठेवतो. आपल्या घरांत बहुधा बादली असते, पंधरा ते वीस लिटरची, आणि ते पाणी आपण मगाने किंवा तांब्याने डोक्यावरून ओततो. टबासाठीचा १२० ग्रॅमचा गोळा १५ लिटरच्या बादलीत टाकला की त्यातला प्रत्येक घटक दहापट तीव्र होतो, आणि तेच पाणी डोळ्यांत, नाकात, तोंडात जातं.

‘अमुक घटक सुरक्षित आहे का?’ असं बरेच जण विचारतात. नुसत्या नावावरून याचं उत्तर देता येत नाही. किती पाण्यात, किती वजनाचा तुकडा, अंगाच्या कुठल्या भागावर आणि किती वेळ, हे कळल्याशिवाय सुरक्षित हा शब्द रिकामाच राहतो. म्हणून खालची सगळी मापं बादली डोळ्यांपुढे ठेवून काढली आहेत. टब असलेल्यांनी त्याच मिश्रणाचा मोठा गोळा करावा.

आधी थोडं रसायन, कारण पुढच्या बहुतेक चुका इथूनच निघतात. बाथ बॉम्बमध्ये काम करणारे घटक दोनच: खायचा सोडा म्हणजे सोडिअम बायकार्बोनेट, आणि लिंबूसत्त म्हणजे सायट्रिक अ‍ॅसिड. ढोकळ्यात घालतात त्या इनोमध्येही हीच जोडी असते. इंग्लंडमधल्या डॉर्सेटमध्ये मो कॉन्स्टंटाइन यांनी १९८९ मध्ये पहिला बाथ बॉम्ब केला, तोही अशाच पाण्यात फसफसणाऱ्या औषधी गोळ्यांवरून सुचून. कोरडे असताना हे दोन पदार्थ एकमेकांशेजारी शांत राहतात. पाणी मिळालं की त्यांची अभिक्रिया सुरू होते आणि तीन गोष्टी तयार होतात: सोडिअम सायट्रेट नावाचा सौम्य क्षार, कार्बन डायऑक्साइड आणि पाणी.

यातलं पाणी लक्षात ठेवा. अभिक्रियेतूनच पाणी तयार होतं आणि ते पुढच्या कणांना भिजवतं. म्हणून मिश्रणात चुकून पडलेला एक थेंब त्या थेंबापुरता थांबत नाही, आजूबाजूचं सगळं हळूहळू फुगत जातं. दुसरी गोष्ट, ही अभिक्रिया उष्णता शोषून घेते. मिश्रण हाताला गार लागायला लागलं तर आत फसफस सुरू झाली आहे असं समजा. गार झालेलं मिश्रण दमट हवेतली वाफ आणखी ओढून घेतं. मिश्रण गार लागतंय का, हे परातीत हात असताना सतत जाणवू द्या. डोळ्यांना फुगवटा दिसण्याच्या कितीतरी आधी हाताला हे कळतं.

प्रमाणाचा हिशेबही इथेच करून टाकू. १०० ग्रॅम निर्जल सायट्रिक अ‍ॅसिड पूर्ण संपायला १३१ ग्रॅम सोडा लागतो. प्रचलित प्रमाण वजनाने दोनास एक आहे, म्हणजे सोडा मुद्दाम जास्त ठेवलेला असतो. त्यामुळे शेवटी पाण्यात आम्ल उरत नाही, थोडा सोडा उरतो आणि पाणी किंचित अल्कधर्मी होतं. नुसत्या सोड्याच्या पाण्याचा सामू (पीएच) ८.३ च्या आसपास असतो, त्वचेचा मात्र पाचच्या जवळपास. थोडा वेळ, पातळ द्रावणात, निरोगी त्वचेला हे चालतं. योनीचा नैसर्गिक सामू ३.८ ते ४.५ असतो, तिथे मात्र असल्या पाण्यात रोज रोज बसणं त्रासदायक ठरू शकतं. जास्त सोडा ठेवण्याचा आणखी एक फायदा दमट हवेत दिसतो: अ‍ॅसिड कमी असल्याने मिश्रण कमी सादळतं. म्हणून एकास एककडे जाणाऱ्या ‘जास्त फसफसणाऱ्या’ कृतींच्या नादी लागू नका. त्यात आम्ल उरतं, ते डोळ्यांना झोंबतं आणि मालही लवकर खराब होतो.

कार्बन डायऑक्साइडची भीती घालणारे संदेश फिरत असतात. १२० ग्रॅमच्या गोळ्यातून साधारण साडेबारा लिटर वायू निघतो, आणि छोट्याशा न्हाणीघरातही पाच-सहा हजार लिटर हवा असते. खिडकी किंवा पंखा चालू असेल तर काळजीचं कारण नाही. हा वायू धोकादायक ठरतो तो घट्ट झाकणाच्या काचेच्या बरणीत, त्याबद्दल पुढे.

सामान घेताना

सोडा पाकीटबंद घ्या, पाकिटावर सोडिअम बायकार्बोनेट लिहिलेलं हवं. सुटा सोडा घेण्यात मोठा धोका आहे, कारण धुण्याचा सोडा दिसायला तसाच पांढरा असतो. तो सोडिअम कार्बोनेट. त्याच्या पाण्याचा सामू अकराच्या वर जातो, त्वचेची आग होते आणि डोळ्याला गंभीर इजा होऊ शकते. पापडखारही नको. बेकिंग पावडर तर वेगळीच वस्तू आहे, तिच्यात सोडा, आम्ल आणि स्टार्च आधीच मिसळलेलं असतं, त्यामुळे सगळा हिशेब चुकतो.

सायट्रिक अ‍ॅसिड दोन प्रकारचं मिळतं, निर्जल आणि मोनोहायड्रेट. पाकिटावर अनहायड्रस हा शब्द शोधा. मोनोहायड्रेटच्या १०० ग्रॅममध्ये साडेआठ ग्रॅम पाणी स्फटिकांतच बांधलेलं असतं. गरम झालं की ते सुटू लागतं, आणि मग पेटीत ठेवलेले गोळे काहीही न करता नरम पडतात. आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली की निर्जल अ‍ॅसिडसुद्धा हवेतलं पाणी ओढून घेतं. म्हणून पाकीट फोडल्यावर उरलेलं अ‍ॅसिड लगेच घट्ट डब्यात ठेवा. कण बारीक साखरेएवढे हवेत. जाड खड्यांचं अ‍ॅसिड असेल तर मिक्सरमधून फिरवा, पण भांड्याचं झाकण पाच मिनिटं उघडू नका. त्याची धूळ डोळ्यांना आणि घशाला जोरात झोंबते. चष्मा, मास्क आणि हातमोजे हवेतच. हाताला बारीकसा काप असला तरी अ‍ॅसिड त्याची जाणीव करून देतं.

कॉर्नफ्लोअरने फसफस थोडी मंदावते आणि गोळ्याचा पोत गुळगुळीत होतो. नको असेल तर निम्मं किंवा सगळं कॉर्नफ्लोअर काढून त्याजागी पांढरी केओलिन माती वापरता येते.

तेलाच्या बाबतीत मात्र आपल्याकडे एक उत्तम गोष्ट आहे: कोकमाच्या बियांचं तूप, कोकणात आणि गोव्यात ज्याला भिरंडेल म्हणतात. टाचांच्या भेगांना लावण्यासाठी त्याच्या वड्या मिळतात. ते ३८ ते ४० अंशांच्या आसपास वितळतं, म्हणजे आपल्या उन्हाळ्यातही घरात घट्टच राहतं. खोबरेल २४-२५ अंशांना पातळ होतं. त्याचे गोळे मार्चनंतर तेल सोडतात आणि कागदाला डाग पाडतात. भिरंडेल साच्यात थिजतं आणि गोळ्याला आतून धरून ठेवतं. त्यामुळे शिंपडायला अल्कोहोल कमी लागतं. परदेशी कृतींमधल्या महागड्या कोको बटरऐवजी मी नेहमी हेच सुचवेन.

एप्सम सॉल्ट आणि खडेमीठ टाळा. एप्सम सॉल्टच्या वजनात निम्म्याहून जास्त पाणीच असतं, ५१ टक्के, स्फटिकांत अडकलेलं. खडेमिठातले मॅग्नेशियमचे क्षार हवेतली ओल खेचतात. कोरड्या देशांत हे खपून जातं, मुंबईत नाही. एप्सम सॉल्ट हवंच असेल तर ते सुटं, थेट पाण्यात टाका.

टाकणखार, म्हणजे बोरॅक्स, घालून गोळे कडक करण्याच्या कृती आंतरजालावर सापडतात. तो घरात सहज मिळतो म्हणून त्याबद्दल स्पष्ट सांगायला हवं: तो घालू नका. प्रजननक्षमतेला घातक अशा वर्गात बोरेट क्षार मोडतात, आणि गोळा कडक करण्याचं काम भिरंडेल त्याच्याहून चांगलं करतं.

रंग आणि चमक

बादलीसाठीच्या तुकड्यांत रंग घालूच नये असं माझं मत आहे. टबातल्या पाण्यात रंग पसरताना बघण्याची मजा असते. बादलीत ती दोन मिनिटं टिकते, आणि नंतर तो रंग केसांत, पंचावर आणि फरशीच्या सांध्यांत बसतो. तरीही हवा असेल तर सौंदर्यप्रसाधनांसाठी मान्य असलेला, कोरडी पूड असलेला रंगच घ्या. भारतीय मानक आयएस ४७०७ च्या पहिल्या भागात अशा रंगांची यादी आहे. आपल्या नियमांनुसार या रंगांमध्ये शिसं २० आणि आर्सेनिक २ पीपीएमपेक्षा (दहा लाखांत दोन भागांपेक्षा) जास्त असता कामा नये. रांगोळीच्या, होळीच्या किंवा भिंतीच्या रंगांना या मर्यादा लागू नाहीत, म्हणून ते अंगाच्या पाण्यात नकोत. बाजारातल्या कुंकवाचं आणि शेंदराचंही तेच. किराण्यातला गेरू लोहाचा ऑक्साइड असला तरी तो शुद्ध केलेला नसतो.

खायचा द्रव रंग पाण्यात विरघळवलेला असतो. तो टाकताच परातीतच फसफस सुरू होते. हळद सोड्याच्या सान्निध्यात लालसर होते आणि तिचे डाग पडतात. बिटाची पूड काही दिवसांत तपकिरी पडते. जास्वंद आणि गोकर्णाचे रंग आम्ल-अल्कानुसार बदलतात, त्यामुळे तयार गोळ्यात भलतेच ठिपके उठतात. वाळलेल्या गुलाबपाकळ्या दिसायला छान, पण किंचित ओल राहिली तरी त्यांना बुरशी येते, आणि शेवटी त्या मोरीच्या जाळीत अडकतात. चमकी नकोच. प्लास्टिकची चमकी डोळ्याला ओरखडा काढू शकते आणि सांडपाण्यातून पुढे नदीत जाते. युरोपीय संघाने ऑक्टोबर २०२३ पासून सुट्या प्लास्टिक चमकीच्या विक्रीवर बंदी आणली आहे.

सुगंधी तेलं: खरा धोका इथे

सोडा आणि सायट्रिक अ‍ॅसिडने कोणाला गंभीर त्रास झालाच तर तो बहुधा डोळ्यांना होतो. त्वचेवर पुरळ आणि खाज येते ती बहुतेक वेळा सुगंधामुळे. ‘नैसर्गिक’ या शब्दाने इथे फसू नका. दालचिनीच्या सालीच्या तेलातला सिनॅमाल्डिहाइड आणि लवंगेच्या तेलातला युजेनॉल हे दोन्ही वनस्पतींतूनच येतात, आणि दोन्ही अ‍ॅलर्जी निर्माण करणारे म्हणून ओळखले जातात. एकदा त्वचा संवेदनशील झाली की पुढे अगदी थोड्या प्रमाणातही पुरळ येतं, आणि हे आयुष्यभर राहू शकतं. न्हाणीच्या पाण्यात ही दोन तेलं घालण्याचं काही कारण नाही.

दुसरी अडचण अशी की तेल पाण्यात विरघळत नाही. नुसतं टाकलं तर ते वर तरंगतं, आणि मगाने पहिलं पाणी घेणाऱ्याच्या अंगावर जवळजवळ शुद्ध तेलाचा पापुद्रा येतो. यासाठी पॉलिसॉर्बेट ८० लागतं. ते तेलाचे बारीक थेंब करून पाण्यात पसरवतं. सुगंधी तेलाच्या वजनाइतकं तरी ते हवंच, दीडपट असेल तर उत्तम.

प्रमाण मिश्रणाच्या एक टक्क्याच्या आत ठेवा. आणि तेल थेंबांनी मोजू नका. तेलाचा दाटपणा आणि बाटलीचं तोंड यांनुसार एका मिलिलिटरमध्ये वीसही थेंब येतात आणि तीसही. ०.१ ग्रॅमपर्यंत वजन दाखवणारा छोटा डिजिटल काटा घ्या. या कामात सर्वांत उपयोगी खरेदी तीच आहे.

लव्हेंडर आणि जिरेनियम त्यातल्या त्यात सौम्य. तेल जुनं होऊन हवेने बिघडलं की तेही त्रास देऊ लागतं, म्हणून बाटली फोडल्याची तारीख तिच्यावर लिहा आणि वर्षभरात संपवा. बर्गमॉट किंवा लिंबाच्या सालीचं दाबून काढलेलं तेल अंगावर राहिलं आणि ऊन लागलं तर भाजल्यासारखे काळे डाग पडू शकतात. सकाळी अंघोळ करून उन्हात बाहेर पडणाऱ्यांनी ते टाळावं.

आता लहान मुलांबद्दल. सर्दीसाठी म्हणून निलगिरी, पुदिना आणि कापूर घातलेले गोळे मुलांच्या अंघोळीत टाकायची पद्धत पडू लागली आहे. ती थांबायला हवी. कापूर पोटात गेला तर लहान मुलांना झटके येऊ शकतात, आणि भीमसेनी म्हणजे निर्धोक असं काही नाही. निलगिरीचं तेल गिळल्यास थोड्या मात्रेतही मूल गुंगीत जाऊ शकतं. तान्ह्या मुलाच्या चेहऱ्याजवळ मेंथॉल आल्याने श्वास क्षणभर अडकल्याची उदाहरणं वैद्यकीय साहित्यात नोंदलेली आहेत. मुलांसाठीच्या तुकड्यांत सुगंध घालू नका, आणि तीन वर्षांच्या आतल्या बाळासाठी बाथ बॉम्बच नको.

कृती

हे माप ४४० ग्रॅमच्या घाण्याचं आहे. त्यात बादलीसाठी १५ ग्रॅमचे २८-२९ तुकडे किंवा टबासाठी १२० ग्रॅमचे तीन गोळे होतात.

खायचा सोडा २४० ग्रॅम
निर्जल सायट्रिक अ‍ॅसिड, बारीक, १२० ग्रॅम
कॉर्नफ्लोअर किंवा केओलिन ६० ग्रॅम
भिरंडेल १२ ग्रॅम
पॉलिसॉर्बेट ८०, ५ ग्रॅम
सुगंधी तेल जास्तीत जास्त ३ ग्रॅम, नको असल्यास वगळावं
९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल, स्प्रेच्या बाटलीत, लागेल तसं

फेस आणणारी पावडर यात मुद्दाम घातलेली नाही. फेस करणाऱ्या न्हाणीच्या उत्पादनांवर, जास्त वापराने त्वचेला आणि मूत्रमार्गाला त्रास होऊ शकतो, असा इशारा अमेरिकेच्या नियमांनी सक्तीचा केला आहे. बादलीत तर त्या फेसाचा उपयोगही काही नाही.

दिवस कोरडा निवडा. घरातली आर्द्रता ५० टक्क्यांच्या खाली हवी. शे-दोनशे रुपयांचा आर्द्रतामापक भिंतीला लावला की अंदाज बांधावा लागत नाही. पुणे, नगर, सोलापूर भागात हिवाळ्यापासून मेच्या मध्यापर्यंतच्या दुपारी चांगल्या. मुंबई, कोकण आणि गोव्यात डिसेंबर ते फेब्रुवारी, तेही एसी ड्राय मोडवर ठेवून. जून ते सप्टेंबर हे काम हाती घेऊ नका. भांडी, चाळणी, साचे आणि हात पूर्ण कोरडे हवेत. स्टीलची किंवा काचेची भांडी घ्या. अ‍ॅल्युमिनियमला अ‍ॅसिड खातं.

सोडा आणि कॉर्नफ्लोअर मैद्याच्या चाळणीने दोनदा चाळा. अ‍ॅसिड शेवटी चाळून मिसळा. दुसऱ्या वाटीत भिरंडेल गरम पाण्यावर धरून वितळवा, वाफेचं पाणी वाटीत पडू देऊ नका. ते कोमट झालं की पॉलिसॉर्बेट आणि सुगंधी तेल घाला. फार गरम असताना घातलं तर सुगंध तिथेच उडून जातो. ही धार कोरड्या मिश्रणावर फिरवा आणि लगेच चोळायला घ्या, करंजीच्या पिठाला मोहन चोळतात तसं, सगळ्या कणांना तूप लागेपर्यंत. भिरंडेल लवकर थिजतं. गुठळ्या झाल्या तर घाई न करता पुन्हा चाळा.

आता मूठ वळून बघा. मुटका वळला, आणि वीतभर उंचीवरून हातावर टाकल्यावर फुटला नाही, तर झालं. फुटत असेल तर अल्कोहोलचे दोन-तीन फवारे मारा, चोळा, पुन्हा बघा. औषधाच्या दुकानातलं ७० टक्क्यांचं अल्कोहोल चालत नाही, त्यात ३० टक्के पाणी असतं. सॅनिटायझर आणि गुलाबपाणीही नको. आयसोप्रोपिल अल्कोहोलच्या वाफा चटकन पेट घेतात. गॅस, देवाजवळचा दिवा आणि उदबत्ती विझलेली असल्याची खात्री करूनच बाटली उघडा, आणि खिडकी उघडी ठेवा.

१५ ग्रॅमच्या तुकड्यांसाठी सिलिकॉनचा बर्फाचा साचा सोयीचा पडतो. एक तुकडा भरून, वजन करून, तेवढंच प्रत्येक खणात दाबा. गोल साच्याचे दोन्ही भाग थोडे शीग लावून भरा आणि एकदाच दाबून बंद करा. पिळून फिरवलं की मधला सांधा सुटतो. तुकडे रात्रभर साच्यात, मग काढून कोरड्या खोलीत आणखी एक-दोन दिवस उघड्यावर. ओव्हन, मायक्रोवेव्ह आणि कडक ऊन वर्ज्य. खायचा सोडा ५० अंशांच्या वर हळूहळू विघटित होऊन धुण्याच्या सोड्यात बदलू लागतो, आणि ज्या पदार्थाला आपण दुकानात टाळलं तोच घरात तयार होतो.

मोदकाचे, पेढ्याचे साचे घरात असतात आणि मोह होतो. तो आवरा. मिठाईसारखी दिसणारी, वास येणारी वस्तू मूल तोंडात घालणारच. खाद्यपदार्थासारख्या दिसणाऱ्या अखाद्य वस्तूंविरुद्ध युरोपात १९८७ मध्ये स्वतंत्र कायदा केला गेला तो याचसाठी.

बिघडतं कसं

पृष्ठभागावर बारीक फोड आले तर अल्कोहोलमध्ये किंवा हवेत पाणी होतं, किंवा अ‍ॅसिडचे जाड कण राहिले. गोळा साच्यातून निघाल्यावर तासाभरात बसका झाला तरी कारण तेच, फक्त ओल जास्त. असं मिश्रण वाचवता येत नाही. आणखी सोडा घालत बसू नका.

तडे दोन प्रकारचे. साच्यातून काढतानाच पडलेला तडा म्हणजे मिश्रण कोरडं होतं किंवा दाब असमान पडला. दुसऱ्या दिवशी, आतून उकलल्यासारखा पडलेला तडा म्हणजे आत फसफस चालू होती. पहिल्या प्रकारचे गोळे चुरून पुन्हा वळता येतात, दुसरे नाही.

बोटांना पीठ लागत राहणारा, भुसभुशीत गोळा बहुधा कॉर्नफ्लोअर जास्त झाल्याने होतो. दिसायला सुरेख पण पाण्यात नुसता विरघळणारा, न फसफसणारा गोळा साठवणीत मेलेला असतो: हवेतल्या ओलीने अभिक्रिया आधीच हळूहळू उरकलेली असते. तो धोकादायक नाही, निरुपयोगी आहे. गोळा पाण्यात बुडून तळाशीच विरघळत असेल तर तो फार गच्च दाबला गेला. बादलीत याने काही बिघडत नाही.

साठवणीत सर्वांत महत्त्वाचं: ताजे गोळे काचेच्या घट्ट बरणीत कधीही भरू नका. हा सगळा घाणा ओला झाला तर त्यातून ४५ लिटर वायू निघतो. बरणीला तो कोंडून ठेवता येत नाही, काच फुटते. पूर्ण वाळलेले तुकडे एकेक करून पातळ प्लास्टिकमध्ये गुंडाळा आणि सैल झाकणाच्या डब्यात, सिलिका जेलच्या पुड्या टाकून, न्हाणीघरापासून दूर ठेवा. न्हाणीघरात शोभेला मांडलेले गोळे आठवड्याभरात सादळतात. चांगले ठेवले तर सहा महिने टिकतात.

वापरताना

१५ लिटरच्या बादलीला १५ ग्रॅमचा एकच तुकडा. त्यात अभिक्रियेनंतर पावणेतीन ग्रॅमच्या आसपास सोडा आणि ०.१ ग्रॅम सुगंधी तेल उरतं. टबातल्या १२० ग्रॅमच्या गोळ्याने पाण्याची तीव्रता जेवढी होते, साधारण तेवढीच ही आहे. तुकडा पूर्ण विरघळू द्या, पाणी हलवा, मग गळ्याखाली घ्या. डोक्यावरून आणि चेहऱ्यावरून साधं पाणी, आणि शेवटचे दोन मगही साधे. पाय बुडवून बसायचं असेल तर आठ लिटरच्या टोपात २०-२५ ग्रॅमपर्यंत चालतं, कारण पायाची कातडी जाड असते आणि पाणी डोळ्यांपर्यंत जात नाही. मधुमेहामुळे पायाची जाणीव कमी झालेल्यांनी पाण्याचा गरमपणा दुसऱ्याच्या हाताने तपासून घ्यावा, आणि पायाला जखम असेल तर हा प्रकार टाळावा.

पहिल्यांदा वापरण्याआधी चाचणी करा. एक ग्रॅम चुरा एक लिटर पाण्यात विरघळवून त्यात हात दहा मिनिटं ठेवा. साध्या पाण्याने धुऊन दोन दिवस वाट बघा, कारण अ‍ॅलर्जीचं पुरळ उशिरा उठतं. इसब असलेल्यांनी, वॅक्सिंग किंवा दाढी नुकतीच केलेल्यांनी आणि वारंवार लघवीचा संसर्ग होणाऱ्या स्त्रियांनी व मुलींनी वापरू नये. गरोदरपणात सुगंधी तेलांबाबत डॉक्टरांना विचारल्याशिवाय काही करू नये.

फरशी निसरडी होते. दिवाळीत अभ्यंगाच्या तेलानंतर भिरंडेलचा तुकडा वापरला तर ती दुप्पट निसरडी होते. घरात वृद्ध माणसं असतील तर अंघोळीनंतर लगेच गरम पाणी आणि साबणाने फरशी घासा. जकुझीसारख्या, पंपाने पाणी फिरवणाऱ्या टबात तेलाचा गोळा टाकू नका, नळ्यांत चिकट थर बसतो.

डोळ्यात पूड किंवा तीव्र पाणी गेलं तर पंधरा मिनिटं वाहत्या पाण्याखाली डोळा उघडा धरा, दुखणं राहिलं तर डॉक्टरांकडे जा. मुलाने तुकडा चावला तर तोंड धुवा, उलटी करवू नका. त्यात कापूर किंवा निलगिरी असेल तर लक्षणांची वाट न बघता दवाखाना गाठा आणि घटकांची चिठ्ठी सोबत न्या. म्हणूनच भेट देताना प्रत्येक डब्यावर सगळे घटक, केल्याची तारीख, ‘खाण्याचा पदार्थ नाही’ ही सूचना आणि किती लिटर पाण्याला किती तुकडा हे लिहा. तेलाचं नावही लिहा, नुसतं ‘सुगंध’ नको. ज्याला लव्हेंडरची अ‍ॅलर्जी आहे त्याला तो एक शब्द पुरतो.

विकायचं ठरवलं तर गोष्ट बदलते. सौंदर्यप्रसाधने नियम, २०२० खाली विक्रीसाठी उत्पादन करायला परवाना लागतो, आणि महाराष्ट्रात तो अन्न व औषध प्रशासनाकडून घ्यावा लागतो. घरगुती आहे, हाताने केलंय, ओळखीतच विकतो, या कारणांनी सूट मिळत नाही. प्रदर्शनात टेबल मांडण्याआधी हे काम पूर्ण करा. त्यात प्रत्येक घाण्याच्या नोंदी ठेवाव्या लागतात, म्हणून पहिल्या घाण्यापासूनच वहीत वजनं, सामानाच्या पाकिटांचे बॅच क्रमांक आणि त्या दिवशीची आर्द्रता लिहायला सुरुवात करा.